झाँ झोरेस आणि कार्मो : एका खासदारकीचा अभ्यास

फ्रान्सच्या संसदीय इतिहासात झाँ झोरेस यांचे नाव मुख्यतः वक्तृत्व, समाजवाद आणि पहिल्या महायुद्धाच्या उंबरठ्यावर झालेली हत्या या तीन गोष्टींशी जोडले जाते. मराठी वाचकाला ते आणखी एका वाटेने ओळखीचे असण्याची शक्यता आहे. ८ जुलै १९१० रोजी विनायक दामोदर सावरकरांनी मार्सेय बंदरात ‘मोरिया’ बोटीवरून समुद्रात उडी घेतली आणि फ्रेंच भूमीवरून त्यांना पुन्हा इंग्रजांच्या ताब्यात दिले गेले. त्या वेळी हा प्रश्न लावून धरणारे ‘ल्युमानिते’ हे पॅरिसचे दैनिक झोरेस यांनीच १९०४ मध्ये सुरू केले होते आणि तेच ते चालवत होते. त्यांचे सहकारी झाँ लाँगे यांनी त्यात सावरकरांच्या बाजूने लिहिले. प्रकरण पुढे हेगच्या लवादापर्यंत गेले आणि फेब्रुवारी १९११ मध्ये निकाल ब्रिटनच्या बाजूने लागला.

हा अभ्यास मात्र झोरेस यांच्या संपूर्ण चरित्राचा नाही. दक्षिण फ्रान्समधील तार्न जिल्ह्यातील कार्मो हे कोळशाच्या खाणींचे गाव ज्या मतदारसंघात होते, त्या मतदारसंघाने एका प्राध्यापकाला खासदार म्हणून कसे घडवले, पाच वर्षांत कसे नाकारले आणि चार वर्षांनी परत का बोलावले, एवढाच प्रश्न येथे घेतला आहे. माझ्या मते झोरेस यांची संसदेतील कारकीर्द समजून घ्यायची तर पॅरिसमधल्या भाषणांच्या आधी १८९२ ते १८९८ ही कार्मोमधली सहा वर्षे पाहिली पाहिजेत.

पहिली खासदारकी आणि पहिला पराभव

झोरेस यांचा जन्म ३ सप्टेंबर १८५९ रोजी तार्नमधील कास्त्र या गावी झाला. घर मध्यमवर्गीय, पण पैशाची ओढाताण कायम. शिष्यवृत्तीवर ते पॅरिसला गेले, १८७८ मध्ये तेथील एकोल नॉर्माल सुपेरिअर या नामांकित संस्थेच्या प्रवेशपरीक्षेत पहिले आले आणि १८८१ मध्ये तत्त्वज्ञानाची पदवी घेऊन आल्बीच्या विद्यालयात शिकवू लागले. पुढे तुलूझ विद्यापीठात अध्यापन. ऑक्टोबर १८८५ च्या निवडणुकीत ते प्रजासत्ताकवाद्यांच्या यादीतून निवडून आले तेव्हा त्यांचे वय अवघे २६ वर्षांचे होते आणि सभागृहातले ते सर्वांत तरुण सदस्य होते.

त्या निवडणुकीची पद्धत येथे महत्त्वाची आहे. १८८५ मध्ये मतदान संपूर्ण जिल्ह्याच्या यादीवर झाले होते. म्हणजे झोरेस तार्नचे होते, पण तार्नमधल्या कोणत्याही एका गावाचे किंवा समूहाचे नव्हते. चार वर्षे ते मध्यममार्गी प्रजासत्ताकवाद्यांसोबत बसले, झ्यूल फेरी या नेत्याच्या मोफत व धर्मनिरपेक्ष शालेय शिक्षणाच्या धोरणाचे समर्थन करत राहिले आणि खाणकामगारांच्या सुरक्षेसारख्या विषयांवर अधूनमधून बोलले. समाजवादी ते अजून झालेले नव्हते. १८८९ मध्ये एकसदस्यीय मतदारसंघ परत आले, झोरेस कास्त्रमधून उभे राहिले आणि पडले. ते तुलूझला परतले, विद्यापीठात रुजू झाले, तिथल्या नगरपालिकेत शिक्षणखाते सांभाळू लागले, ‘ला देपेश’ या वृत्तपत्रात लिहीत राहिले आणि १८९२ मध्ये डॉक्टरेटचे प्रबंध पूर्ण केले. त्यांपैकी लॅटिनमध्ये लिहिलेला प्रबंध जर्मन समाजवादाच्या उगमावर होता. वैचारिक तयारी झाली होती. ती ज्यांच्यासाठी वापरायची ती माणसे अजून समोर आलेली नव्हती.

संपाचे कारण : पगार नव्हे, मत

कार्मोच्या खाणी सोलाझ या सरदार घराण्याच्या होत्या. कंपनीचे अध्यक्ष बॅरन रेय हे तार्नचेच खासदार होते आणि त्यांचे जावई मार्की दे सोलाझ हे १८८९ पासून कार्मोचा समावेश असलेल्या आल्बीच्या दुसऱ्या मतदारसंघाचे खासदार होते. म्हणजे गावात रोजगार देणारे आणि संसदेत गावाच्या वतीने बोलणारे हात एकाच कुटुंबाचे होते. खाणीत सुमारे तीन हजार माणसे काम करत. १८८४ च्या कायद्याने कामगार संघटनांना मान्यता मिळाली होती, त्याच वर्षीच्या नगरपालिका कायद्याने स्थानिक स्वराज्याची चौकट पक्की झाली होती, आणि सर्व प्रौढ पुरुषांना मताधिकार तर १८४८ पासूनच होता. कागदोपत्री कामगार हा पूर्ण नागरिक होता.

मे १८९२ मध्ये कार्मोच्या मतदारांनी याची परीक्षा घेतली. नगरपालिकेत समाजवादी निवडून आले आणि खाणकामगार संघटनेचे सचिव झाँ-बाप्तिस्त काल्व्हिन्याक नगराध्यक्ष झाले. काल्व्हिन्याक कंपनीच्या कार्यशाळेत कामाला होते. नगराध्यक्षपदाच्या कामासाठी त्यांनी आठवड्यातून दोन दिवसांची सुटी मागितली. कंपनीने ती नाकारली आणि ऑगस्टच्या आरंभी गैरहजेरीच्या कारणावरून त्यांना कामावरून काढून टाकले.

कंपनीचे म्हणणे वरवर पाहता साधे होते: कामावर न येणाऱ्याला पगार कोण देणार? पण हे म्हणणे मान्य केले, तर निवडणूक लढवण्याचा अधिकार फक्त ज्याला दुसऱ्याकडे चाकरी करावी लागत नाही त्यालाच उरतो, हे कामगारांनी लगेच ओळखले. ऑगस्टच्या मध्यावर संप सुरू झाला. जमाव कंपनीचे संचालक अंब्लो यांच्या घरात शिरला आणि त्यांच्याकडून राजीनामा लिहून घेतला गेला. त्यावरून पुढे काही कामगारांना शिक्षा झाल्या. सरकारने सैन्य पाठवले. संप अडीच महिने चालला. देशभरातून वर्गणी येत राहिली, कारण हा झगडा दोन-चार सू (तिथली छोटी नाणी) मजुरीवाढीचा नव्हता, हे फ्रान्समधल्या प्रजासत्ताकवादी जनमताला पटले होते.

झोरेस या संपाचे नेते नव्हते, हे येथे स्पष्ट करणे आवश्यक आहे, कारण नंतरच्या लोककथेत ते पहिल्या दिवसापासून खाणीच्या दारात उभे असलेले दिसतात. ते तुलूझमध्ये होते आणि ‘ला देपेश’मधून लिहीत होते. कंपनीच्या पैशाच्या सत्तेने सार्वत्रिक मताधिकारावर हल्ला केला आहे, असा त्यांचा मुद्दा होता. प्रजासत्ताक नगरपालिकेत आहे पण कारखान्याच्या दारात थांबते, ही त्यांच्या पुढच्या सर्व समाजवादाची बीजकल्पना या लेखांतच दिसते. वाटाघाटींमध्ये कामगारांची बाजू मांडण्यासाठी क्लेमांसो, मिलराँ आणि पेलताँ हे तीन खासदार निवडले गेले होते. पंतप्रधान लुबे यांनी दिलेला लवादाचा पहिला निर्णय असा होता की, काल्व्हिन्याक यांना परत घ्यावे आणि नगराध्यक्षपदाच्या काळापुरती रजा द्यावी, परंतु शिक्षा झालेल्या कामगारांना परत घेऊ नये. कामगारांनी तो नाकारला. नोव्हेंबरच्या आरंभी तडजोड झाली, शिक्षा झालेल्यांना माफी मिळाली आणि काल्व्हिन्याक नगराध्यक्ष राहिले. याच पार्श्वभूमीवर २७ डिसेंबर १८९२ रोजी समझोता आणि लवाद यांविषयीचा कायदा झाला. मात्र लवाद ऐच्छिक ठेवल्याने मालकाने नाही म्हटले की तो कायदा निरुपयोगी ठरे. तीन वर्षांनी कार्मोलाच त्याचा अनुभव आला.

उमेदवाराची निवड

संप चालू असतानाच मार्की दे सोलाझ यांनी खासदारकीचा राजीनामा दिला आणि पोटनिवडणूक लागली. कामगारांमध्ये एकमत नव्हते. काहींना आपल्यातलाच माणूस हवा होता आणि ती अपेक्षा रास्त होती, कारण एका कामगाराच्या पदासाठीच तर संप झाला होता. परंतु मतदारसंघ केवळ कार्मोचा नव्हता. सभोवतालच्या ग्रामीण तालुक्यांत शेतकरी मतदार होता, चर्चचा प्रभाव होता, आणि खाणकामगारांच्या मतांवर एकट्याने जागा जिंकता येत नव्हती. झोरेस तार्नचे होते, शेताशी जोडलेल्या घरात वाढले होते, शेतकऱ्यांशी त्यांच्या ऑक्सितान बोलीत बोलत आणि माजी खासदार होते. अट एकच होती: कामगार पक्षाचा कार्यक्रम त्यांनी स्वीकारावा. त्यांनी तो स्वीकारला आणि जानेवारी १८९३ मध्ये दुसऱ्या फेरीत निवडून आले.

१८८५ आणि १८९३ मधला हा फरक निर्णायक वाटतो. पहिल्या वेळी झोरेस यांना एका यादीने संसदेत नेले; दुसऱ्या वेळी एका ठरावीक समूहाने ठरावीक अट घालून. त्याच वर्षीच्या सार्वत्रिक निवडणुकीत ते पुन्हा आले आणि सभागृहात सुमारे पन्नास समाजवादी सदस्यांचा गट उभा राहिला. २१ नोव्हेंबर १८९३ रोजी द्युपुई सरकारला जाब विचारताना त्यांनी मांडले की, प्रजासत्ताकाने धर्मनिरपेक्ष शिक्षण देऊन मानवी दुःखाला आजवर जोजवणारे जुने अंगाईगीत थांबवले आहे आणि आता जागे झालेले दुःख आपला हक्क मागते आहे. हे भाषण गाजले. त्यातला ‘जागा झालेला’ माणूस कार्मोचा होता, हे ऐकणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांना ठाऊक होते.

काचकामगार, आणि एक महाग पडलेला निर्णय

१८९५ चा उन्हाळा अधिक कठीण होता. कार्मोतील काचेच्या कारखान्याचे मालक रेसेगिए यांनी बोदो या संघटनेच्या पुढाऱ्याला मार्सेयच्या कामगार परिषदेला गेल्याच्या कारणावरून काढले. संप झाला, पण मालक त्याची वाटच पाहत होते. कामगार परतायला तयार झाले तेव्हा त्यांनी टाळेबंदी केली आणि बाहेरून माणसे आणून भट्ट्या पेटवल्या. लवाद त्यांनी फेटाळला. झोरेस त्या शरद ऋतूत बराच काळ कामगारांसोबत राहिले, ऑक्टोबरमध्ये त्यांनी सभागृहात सरकारला जाब विचारला, पण सरकार मालकाच्या मागे उभे राहिले. रेसेगिए यांनी उलट झोरेस आणि त्यांची बाजू घेणाऱ्या वृत्तपत्रांवर नुकसानभरपाईचा दावा लावला. १८९२ मध्ये जनमताच्या जोरावर जे मिळाले होते, ते या वेळी मिळाले नाही.

यातून कामगारांच्या मालकीचा स्वतंत्र काच कारखाना काढण्याची कल्पना पुढे आली. एका महिलेने एक लाख फ्रँकची देणगी दिली, वीस सांतीमच्या तिकिटांची सोडत काढून देशभरातल्या संघटनांनी भर घातली. मालकी फक्त तिथे काम करणाऱ्या काचकामगारांची असावी की भांडवल जमवणाऱ्या सर्व कामगार संघटना आणि सहकारी संस्थांची, यावर तीव्र वाद झाला आणि दुसरा पर्याय स्वीकारला गेला. त्याहून झोंबणारा प्रश्न जागेचा होता. दळणवळणाच्या दृष्टीने आल्बी हे जिल्ह्याचे ठिकाण सोयीचे ठरवण्यात आले. झोरेस यांनी त्याला पाठिंबा दिला आणि २५ ऑक्टोबर १८९६ रोजी त्यांच्या उपस्थितीत तेथे कारखान्याचे उद्घाटन झाले.

आल्बी शहर झोरेस यांच्या मतदारसंघात नव्हते. काढून टाकलेली काचकामगारांची कुटुंबे कार्मो सोडून सोळा-सतरा किलोमीटरवरच्या त्या शहरात राहायला गेली, म्हणजे त्यांची मतेही गेली. आणि कार्मोच्या दुकानदारांना आपले गिऱ्हाईक तोडल्याचा राग आला तो वेगळाच. स्वतःच्या जागेचा हिशेब मांडणाऱ्या खासदाराने हा निर्णय घेतला नसता.

१८९८ : पराभवाची कारणे

८ मे १८९८ रोजी झोरेस कार्मोमध्ये हरले. जिंकले तेच मार्की दे सोलाझ. याच निवडणुकीत रुबे येथून समाजवादी नेते झ्यूल गेद एका कारखानदाराकडून पडले, यावरून लक्षात येते की, मालकवर्गाने समाजवादी नेत्यांच्या जागांवर जाणीवपूर्वक जोर लावला होता.

या पराभवाचे श्रेय अनेकदा द्रेफ्यूस प्रकरणाला, म्हणजे एका ज्यू लष्करी अधिकाऱ्याला जर्मनीसाठी हेरगिरी केल्याच्या खोट्या आरोपावरून झालेल्या शिक्षेच्या वादाला दिले जाते, आणि झोरेस यांची प्रतिमा पाहता ते आकर्षकही वाटते. वस्तुस्थिती अधिक गुंतागुंतीची आहे. डिसेंबर १८९४ मध्ये कॅप्टन द्रेफ्यूस यांना शिक्षा झाली तेव्हा झोरेस यांनी त्यांची बाजू घेतली नव्हती. उलट, सामान्य सैनिकाला किरकोळ गुन्ह्यासाठी गोळ्या घातल्या जातात आणि अधिकाऱ्याला मात्र जीवदान मिळते, असे ते सभागृहात संतापून बोलले आणि त्या गदारोळात त्यांना सभागृहाबाहेर काढण्यात आले. जानेवारी १८९८ मध्ये समाजवादी खासदारांनी काढलेल्या जाहीरनाम्यात हा भांडवलदारांच्या दोन गटांतील झगडा असून कामगारांनी त्यापासून दूर राहावे असे म्हटले होते, आणि त्यावर झोरेस यांचीही सही होती. पण द्रेफ्यूस यांची बाजू जाहीरपणे घेतल्याबद्दल कादंबरीकार एमिल झोला यांच्यावर फेब्रुवारीत चाललेल्या खटल्यात ते साक्षीला उभे राहिले. म्हणजे निवडणुकीच्या तोंडावर त्यांची भूमिका बदलत होती आणि विरोधकांना तेवढे पुरेसे होते.

तरीही माझ्या मते खरी कारणे स्थानिक होती. काचकामगार निघून गेले होते. १८९२ ची एकजूट सैल झाली होती, कंपनीने नोकरीचा धाक परत बसवला होता आणि ग्रामीण तालुक्यांत पाद्र्यांचा प्रचार झोरेस यांच्याविरुद्ध होता. या शेतकरी मतदाराकडे त्यांनी दुर्लक्ष केले होते असे म्हणता येत नाही. १८९७ च्या जून-जुलैमध्ये शेतीवरील संकटावर त्यांनी तीन बैठकांमध्ये चाललेले प्रदीर्घ भाषण केले होते आणि छोट्या शेतकऱ्याची जमीन समाजवाद हिरावून घेणार नाही, हे त्यात काळजीपूर्वक मांडले होते. भाषण उत्तम होते. पण पॅरिसमधले उत्तम भाषण आणि गावातल्या बाजाराच्या दिवशी कंपनीचा मुकादम व पाद्री यांनी कानात सांगितलेली गोष्ट यांत दुसरी गोष्ट मतपेटीच्या अधिक जवळ होती.

जागा गेल्यानंतर झोरेस यांनी जे केले त्यावरून त्यांच्या खासदारकीचा अर्थ लावता येतो. मतदारसंघ परत मिळवण्यासाठी द्रेफ्यूस प्रकरणावर मौन पाळणे हा सोपा मार्ग होता. त्याउलट, ऑगस्ट १८९८ पासून त्यांनी वृत्तपत्रात एक लेखमाला चालवली आणि द्रेफ्यूस यांच्याविरुद्धचा पुरावा कलमवार तपासून, सरकारने ज्या कागदाचा आधार घेतला तो बनावट असल्याचे दाखवले. लेखमाला चालू असतानाच, ऑगस्टच्या अखेरीस, लष्कराच्या गुप्तवार्ता विभागातील कर्नल आँरी यांनी तो कागद बनावट केल्याची कबुली दिली आणि दुसऱ्या दिवशी आत्महत्या केली. अन्याय झालेला मनुष्य अधिकारी आहे की कामगार हा प्रश्न झोरेस यांनी बाजूला सारला. माणूस म्हणून त्याच्यावर अन्याय होतो तेव्हा तो आपलाच प्रश्न असतो, ही भूमिका घेतली. गेद यांच्यासारख्या सहकाऱ्यांशी त्यामुळे त्यांचे अंतर वाढले, पण १८९४ चा संतापलेला खासदार आणि १८९८ चा हा लेखक यांत जी वाटचाल आहे ती मला त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत मोलाची वाटते.

परतल्यानंतर

१९०२ मध्ये कार्मोने त्यांना परत निवडले. मताधिक्य मोठे नव्हते आणि पुढेही कधी फार मोठे झाले नाही. १९०६, १९१० आणि १९१४ या तिन्ही निवडणुकांत जागा त्यांना लढूनच मिळवावी लागली. राष्ट्रीय पातळीवर मात्र ते आता वेगळ्या उंचीवर होते. १९०३ मध्ये ते सभागृहाच्या उपाध्यक्षांपैकी एक झाले, सरकारला पाठिंबा देणाऱ्या डाव्या गटांच्या समन्वयात त्यांचा शब्द निर्णायक ठरू लागला, आणि चर्च व शासन यांना वेगळे करणाऱ्या १९०५ च्या कायद्यात, विशेषतः कॅथलिकांना स्वीकारता येईल असे त्याचे चौथे कलम घडवण्यात, त्यांनी ते विधेयक सभागृहात मांडणारे खासदार ब्रियाँ यांना साथ दिली. त्याच वर्षी विखुरलेले समाजवादी पक्ष एकत्र आले. त्यासाठी समाजवाद्यांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेचा निर्णय मानून झोरेस यांना सरकारी बहुमतातून बाहेर पडावे लागले, म्हणजे मंत्रिपदाची शक्यता त्यांनी स्वतःच मिटवली. १९०८ मध्ये ते फाशीची शिक्षा रद्द करण्याच्या बाजूने बोलले. ठराव फेटाळला गेला. १९१० च्या कामगार व शेतकरी निवृत्तिवेतन कायद्याला, तो अपुरा असल्याचे मान्य करूनही, त्यांनी गेद यांच्या विरोधात जाऊन पाठिंबा दिला. अपुरा हक्क हा हक्क म्हणून मिळत असेल तर तो घ्यावा आणि वाढवावा, ही दृष्टी कार्मोच्या तडजोडीतूनच आलेली आहे.

१८९२ मध्ये कामगारांच्या बाजूने बोलणारे क्लेमांसो १९०६ मध्ये आधी गृहमंत्री आणि नंतर पंतप्रधान झाले आणि संपांवर सैन्य पाठवू लागले. जून १९०६ मध्ये झोरेस आणि क्लेमांसो यांच्यात सभागृहात झालेला वाद म्हणजे एकाच संपातून दोन दिशांना गेलेल्या दोन खासदारांचा वाद होता.

१९१३ मध्ये सक्तीची लष्करी सेवा दोन वर्षांवरून तीन वर्षे करण्याला झोरेस यांनी कडाडून विरोध केला आणि राष्ट्रवादी वृत्तपत्रांनी त्यांच्याविरुद्ध उघड चिथावणी दिली. ३१ जुलै १९१४ च्या रात्री पॅरिसमध्ये मोंमार्त्र रस्त्यावरील क्रवासाँ कॅफेत जेवत असताना राऊल व्हिलँ याने त्यांना गोळ्या घातल्या. युद्ध संपल्यावर, मार्च १९१९ मध्ये, ज्युरीने मारेकऱ्याला निर्दोष सोडले.

आल्बीच्या निर्णयाचे मूल्यमापन

या प्रकरणातला खरोखर वादाचा भाग आल्बीच्या कारखान्याचाच आहे, आणि तिथे झोरेस यांची बाजू पूर्णपणे घेणे कठीण आहे. कार्मोच्या मतदारांनी त्यांना निवडले होते ते गावातल्या कामगाराला गावातच सन्मानाने जगता यावे म्हणून. अडीचशे-तीनशे कुटुंबांना दुसऱ्या गावी नेणे हा त्या अपेक्षेचा भंग होता, अशी तक्रार त्या वेळी झाली आणि तिला उत्तर देणे सोपे नव्हते. दुसरीकडे, कार्मोमध्ये कारखाना काढला असता तर तो कंपनीच्या कोळशाच्या आणि कंपनीच्या गावाच्या विळख्यात राहिला असता, आणि ज्या मालकाने तीन महिन्यांत भट्ट्या परक्या हातांनी पेटवून दाखवल्या त्याच्या शेजारी तो किती टिकला असता, हाही प्रश्न होताच. आल्बीचा कारखाना टिकला. विसाव्या शतकाचा मोठा काळ तो कामगारांच्या मालकीचा राहिला आणि तेथे काचेच्या बाटल्या बनत राहिल्या, तर कार्मोचे कोळसा उत्खनन १९९७ मध्ये कायमचे थांबले. हे उत्तर १८९८ च्या मतदारासमोर ठेवण्यासारखे नव्हते, कारण त्याला त्या वर्षी घरभाडे भरायचे होते. त्याने झोरेस यांना पाडले, आणि त्यात त्याची बाजू चुकीची होती असे मला म्हणवत नाही.